काल्पनिक बेटावरची उलटी घटका

प्रश्न : मी एक अद्भुतरम्य कादंबरी लिहीत आहे. तिच्यातल्या बेटावर दर अमावास्येच्या रात्री एक घटका, म्हणजे २४ मिनिटे, काळ उलटा वाहतो. राखेचे लाकूड होते, फुटलेली मडकी सांधली जातात. नायिकेचा भाऊ ती घटका सुरू होण्याच्या थोडेसेच आधी बुडाला आहे आणि तिला तो परत हवा आहे. या कल्पनेला विज्ञानाचा काही आधार देता येईल का? घटका संपल्यावर काय व्हावे? आणि पुढे-मागे असा भेद करणारा निसर्गाचा एखादा नियम आहे का? — एक वाचक, सातारा

उत्तर : आधार आहे, आणि तो भक्कम आहे. न्यूटनच्या गतिनियमांत काळाची दिशा उलटवली तरी समीकरणे तशीच राहतात. म्हणजे एखाद्या क्षणी प्रत्येक कणाचा वेग नेमका उलटा करता आला, तर सारे कण आल्या वाटेने परत जातील. भौतिकशास्त्रज्ञ योहान लॉशमिट यांनी १८७६ मध्ये हाच मुद्दा त्यांचे सहकारी भौतिकशास्त्रज्ञ लुडविग बोल्ट्झमन यांच्यापुढे ठेवला होता. मग राखेचे लाकूड झालेले कोणी कधी पाहिले का नाही? बोल्ट्झमन यांच्या उत्तराचा गाभा असा, की कण विखरून राहण्याच्या रीती अगणित आहेत आणि लाकडाच्या रूपात रचले जाण्याच्या रीती त्या मानाने नगण्य. म्हणून उलटा प्रवास निषिद्ध नसला, तरी तो आपोआप घडण्याची शक्यता जवळजवळ शून्य आहे.

याची छोटी झलक प्रयोगशाळेत पाहता येते, आणि लेखकाने ती एकदा तरी पाहावीच. एकात एक बसवलेल्या दोन नळकांड्यांमधल्या फटीत ग्लिसरिनसारखा दाट द्रव भरून त्यात रंगाचा एक थेंब सोडतात. आतले नळकांडे सावकाश काही वेढे फिरवले, की थेंब ताणला जाऊन त्याचा फिकट पट्टा होतो आणि रंग कायमचा मिसळून गेला असेच वाटते. तितकेच वेढे उलट फिरवले, की तो पट्टा आखडत येतो आणि पुन्हा थेंब तयार होतो. फक्त त्याच्या कडा थोड्या पुसट असतात, कारण रेणूंची स्वैर हालचाल नळकांडे फिरवून उलटत नाही. इथे काळ उलटत नाही, गती उलटते. कादंबरीतही हा भेद धरून चालल्यास पुढचे सारे प्रसंग नीट बसतील.

आता बेटाच्या हद्दीचा विचार करा, कारण खरी अडचण तिथे आहे. विझलेली शेकोटी पुन्हा लाकूड व्हायची, तर तिच्यातून गेलेली उष्णता आणि प्रकाश परत यायला हवा. प्रकाश सेकंदाला सुमारे ३ लाख किलोमीटर जातो, म्हणजे घटकेभरात त्याने ४३ कोटी किलोमीटर गाठलेले असतात. आपल्या सूर्याच्या अंतराच्या जवळजवळ तिप्पट. तो सारा माघारी बोलावणे कठीण असल्याने, हा परतीचा प्रकाश बेटाची हद्दच पुरवते, असा आपल्या जगाचा नियम करावा. त्यातून एक विलक्षण गोष्ट निष्पन्न होते : त्या घटकेत बेटावरचा प्रकाश बाहेर येत नाही, आत जातो, म्हणून बाहेरून पाहणाऱ्याला तिथे निव्वळ काळोख दिसेल.

नायिका बेटावरच असेल, तर तिच्या मेंदूत उमटलेल्या आठवणीही उलट क्रमाने पुसल्या जातील. भाऊ बुडाला हेच तिला ठाऊक राहणार नाही आणि घटका संपताच तेच नियम तीच घटना जशीच्या तशी पुन्हा घडवतील. म्हणून ती हद्दीबाहेर, होडीत हवी. तिने मध्येच आत हात घालूनही चालणार नाही. लाटांसारख्या खळबळत्या व्यवस्थेत कणांच्या वेगात किंचित ढवळाढवळ झाली, तरी चूक झपाट्याने वाढत जाते आणि सारे आल्या वाटेने परत जाण्याऐवजी भलतीकडे भरकटते. भाऊ मग परतणारच नाही. तिला काळोखाकडे पाहत, काही न करता, घटका संपण्याची वाट पाहावी लागेल आणि काळ सरळ होताच, तो पुन्हा पाण्यात पडण्याआधी, आत शिरावे लागेल. समोर काहीच दिसत नसताना वेळ कशी कळावी? आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठी घटिकापात्र वापरत : तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती एका घटकेत भरून बुडते. तिच्या होडीत ते पात्र ठेवावे, असे मी आग्रहाने सुचवीन. हा प्रसंग कादंबरीचा कळस होऊ शकतो.

शेवटच्या प्रश्नाचे उत्तर थोडक्यात देतो. असा भेद आहे, पण तो फार सूक्ष्म आहे. जेम्स क्रोनिन आणि व्हॅल फिच यांनी १९६४ मध्ये के-मेसॉन या अल्पजीवी कणांच्या ऱ्हासात त्याची अप्रत्यक्ष खूण शोधली आणि त्याबद्दल त्यांना १९८० चे नोबेल पारितोषिक मिळाले. १९९८ मध्ये सर्न या युरोपातील कणभौतिकीच्या प्रयोगशाळेतील प्रयोगातून थेट पुरावाही पुढे आला. राख आणि लाकूड यांच्यातला भेद मात्र या कणांमुळे पडत नाही, तेव्हा त्यांना कादंबरीत आणण्याचे कारण नाही.