निळोबा ताऱ्यावरचा पाडवा

प्रिय अबीर,

पाडव्याला तू पाठवलेल्या चित्राची प्रिंट काढून मी फार्मसीच्या फ्रिजवर चिकटवली आहे. मोठा निळा तारा, शेजारी एक ग्रह, ग्रहावर चक्क आपली परळची चाळ आणि खिडकीत गुढी. खाली तुझा प्रश्न: “आई, माझ्या निळोबा ताऱ्यावर मराठी माणसं राहायला गेली तर त्यांचा पाडवा कधी येईल? आणि आपल्याकडे निळ्या ताऱ्याचं काही जुनं आहे का?” फोनवर “नंतर सांगते” म्हणाले आणि राहूनच गेलं.

आधी गुढी. तांब्या पालथा घालतात रे! तू सरळ उभा काढलायस. आजीने बघितलं नाही वाटतं. आणि निळोबा म्हणजे पिंपळनेरचे संत निळोबाराय, तेव्हा नाव जपून वापर.

आता हिशोब. तुझा तारा सूर्याच्या दहापट जड आणि दहा हजारपट तेजस्वी. आकडे चांगले धरलेस, असे तारे खरंच असतात. उजेड अंतराच्या वर्गाने कमी होतो, म्हणून आपल्याइतकी ऊब मिळायला तो ग्रह आपल्या शंभरपट लांब हवा. पुढे केप्लरचा नियम, अंतराच्या घनाला ताऱ्याच्या वजनाने भागून वर्गमूळ काढलं की ग्रहाचं वर्ष मिळतं: शंभराचा घन दहा लाख, त्याला दहाने भागलं की एक लाख, त्याचं वर्गमूळ ३१६. म्हणजे तिथलं एक वर्ष आपल्या ३१६ वर्षांचं! एकदा श्रीखंड खाल्लं की पुढचं नातवाच्या नातवालाही मिळायची खात्री नाही.

दुसरी गोची मोठी आहे. निळे तारे उधळे असतात. सूर्य साधारण १,००० कोटी वर्षं पुरेल. दहापट जड तारा दोन-अडीच कोटी वर्षांत सगळं इंधन फुंकून टाकतो आणि फुटतो. आपली पृथ्वीच ४५० कोटी वर्षांची आहे. निळोबाच्या ग्रहाचे दगड नीट निवायच्या आत खेळ खलास. तिथे बेडूकसुद्धा तयार व्हायला वेळ नाही, माणूस तर सोडच. म्हणजे तुझ्या चाळीतले सगळे बाहेरून आलेले. माझ्यासारखे.

म्हणून त्यांचा पाडवा कधी, हे मला बरोबर ठाऊक आहे. मुंबईत असेल तेव्हा. भिंतीवर कालनिर्णय टांगलेलं असणार आणि खाली कुणीतरी पेनाने “इथली वेळ” लिहिलेली असणार. मस्कतच्या माझ्या स्वयंपाकघरात तेच आहे. संकष्टीला कालनिर्णयमध्ये चंद्रोदय छापतात तो मुंबईचा. इथे चंद्र तुमच्यानंतर जवळजवळ तासाने उगवतो. आजी फोन करते, “दिसला गं, जेव आता.” तिचा मोदक खाऊन झालेला असतो, आणि मी पोटात कावळे ओरडत असताना बाल्कनीत उभी. एकदा मुंबईच्या वेळेवर जेवले, तर आजीने फोनवरच विचारलं, “तुझा चंद्र उगवला का पण?” तेव्हापासून थांबते.

आता तुझा दुसरा प्रश्न. निळा तारा आपल्या घरातच आहे, चैत्र महिन्याच्या नावात. चैत्रातला पूर्ण चंद्र चित्रा नक्षत्राच्या आसपास असतो म्हणून तो चैत्र. चित्रा खरोखरच निळा राक्षसी तारा आहे, सुमारे २५० प्रकाशवर्षं दूर. आज दिसणारा उजेड निघाला तेव्हा पुण्यात पेशवे होते. पृष्ठभाग वीस हजार अंशांच्या वर, सूर्याचा साडेपाच हजार. (गॅसची ज्योत निळी म्हणून उदाहरण देऊ नकोस, तिचं कारण वेगळं. तापलेलं लोखंड लाल, मग पिवळं, मग पांढरं होतं, ते उदाहरण चालेल.) आणि चित्रा एकटी नाही. दोन तारे चार दिवसांत एकमेकांभोवती फेरी मारतात, इतके जवळ की ओढाताणीने अंड्यासारखे लांबट झालेत. जुन्या लोकांनी या नक्षत्राची देवता मानली त्वष्टा, देवांचा कारागीर.

पण मला त्वष्ट्यापेक्षा आजीची म्हण आवडते. तिच्या माहेरी, संगमेश्वरकडे, म्हणतात, “पडतील चित्रा तर भात खाईना कुत्रा.” सूर्य १० ऑक्टोबरच्या सुमाराला चित्रा नक्षत्रात जातो. तेव्हा शेतात भात कापणीला आलेलं असतं. त्या दिवसांत पाऊस पडला की लोंब्या भिजून भात काळा पडतो, कुत्रंही तोंड लावत नाही. गंमत बघ, सूर्य तिथेच असल्यामुळे तेव्हा चित्रा आकाशात दिसतच नाही. न दिसणाऱ्या ताऱ्याच्या नावाने शेतकरी पाऊस मोजतो. निळोबावर कुणी भात लावलं असेल तर त्यांचीही अशी एखादी शिवी-म्हण असू दे. सण तू काढलेसच, पण नुकसानीचं काही काढलं नाहीस.

हनुमान जयंतीला, म्हणजे चैत्र पौर्णिमेला, रात्री दहाला आजीला घेऊन गच्चीवर जा. सप्तर्षीच्या शेपटीची कमान तशीच पुढे वाढव: आधी स्वाती, नारिंगी, आणखी पुढे चित्रा. चंद्र जवळच असेल, त्याला हाताने झाक. नुसती बघितलीस तर पांढरी वाटेल, स्वातीकडे बघून मग तिच्याकडे बघ.

माझी ड्यूटी साडेआठला सुटते, तुझे तेव्हा दहा. फोन कर. माझ्याकडे ती अजून समोरच्या बिल्डिंगच्या टाकीमागे असेल, त्यामुळे निळी दिसते की नाही ते तूच सांगायचं.

तुझी,
आई