नागपुरात राहून रानपिंगळ्यासाठी काय करता येईल? मेळघाटात घरट्याच्या पेट्या लावाव्यात का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुमच्या कॉलनीतल्या कडुलिंबावर दिवसाढवळ्या एक छोटं घुबड बसलेलं दिसतं, तो रानपिंगळा (जंगलातलं दुर्मीळ छोटं घुबड) असावा असं ग्रुपमधल्या काहींना वाटतं, आणि दिवाळीनंतर वर्गणी काढून पन्नासेक लाकडी पेट्या मेळघाटात टांगायचा विचार आहे.

कॉलनीतला तो साधा पिंगळा आहे. नागपूर शहरात रानपिंगळा नाही. विदर्भात त्याचं ओळखीचं ठिकाण म्हणजे मेळघाट. दिवसा दिसतो म्हणून तो रानपिंगळा, हा तर्क चालत नाही, कारण साधा पिंगळाही सकाळी ऊन खात ढोलीच्या तोंडाशी बसतो. डोकं बघा. साध्या पिंगळ्याच्या डोक्यावर आणि पाठीवर साबुदाणा सांडावा तसे पांढरे ठिपके असतात. रानपिंगळ्याचं डोकं जवळजवळ कोरं, करडं-तपकिरी. मग छाती बघा. रानपिंगळ्याच्या छातीचा वरचा भाग सलग तपकिरी, कुशीला पट्टे, आणि पोट मधोमध अगदी पांढरंशुभ्र. शेपटीवर रुंद पांढरे पट्टे, पायांवर दाट पांढरी पिसं, आणि जेमतेम 23 सें.मी.च्या पक्ष्याला शोभणार नाहीत एवढे मोठे पंजे. भक्ष्यावर नजर असली की शेपटी डावी-उजवीकडे झटकत राहतो. मेळघाटात ओळखीचा आणखी एक घोळ होतो तो जंगल आउलेट या दुसऱ्या छोट्या घुबडाचा. त्याच्या डोक्यापासून अंगभर बारीक आडव्या रेघा असतात, त्यावरून तो वेगळा काढता येतो.

ओळखीवर इतकं बोलतोय, कारण या पक्ष्याचा इतिहासच चुकीच्या नोंदीने नासवलेला आहे. 1872 मध्ये ब्लेविट या संग्राहकाला पहिला नमुना मिळाला तो आजच्या छत्तीसगडातल्या बसना-फुलझर भागात, म्हणजे नागपूरच्या पूर्वेला. 1873 मध्ये ह्यूम या पक्षीतज्ज्ञांनी त्याचं वर्णन छापलं. 1884 नंतर खात्रीची नोंदच नाही. मधे रिचर्ड माइनर्ट्झहागन नावाच्या गृहस्थांनी 1914 मध्ये गुजरातेत मिळाल्याचा दावा करून एक नमुना पुढे केला होता. तो संग्रहालयातून चोरलेला, खानदेशातला जुना नमुना निघाला, पण तोवर लोकांनी भलतीकडेच शोधाशोध केली होती. अमेरिकी पक्षीतज्ज्ञ पामेला रासमुसेन यांनी जुन्या नमुन्यांची ही भानगड उकलली, आणि नोव्हेंबर 1997 मध्ये त्यांना आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांना शहाद्याजवळ जिवंत रानपिंगळा दिसला. मधली 113 वर्षं कोरी. पुढे तोरणमाळ, यावल, मेळघाट, मध्य प्रदेशातलं खंडवा-बऱ्हाणपूर, 2014 मध्ये तानसा असा तो सापडत गेला. 2018 मध्ये आययूसीएनच्या लाल यादीत (धोक्यातल्या जातींच्या जागतिक यादीत) त्याला 'अतिसंकटग्रस्त'मधून 'संकटग्रस्त' वर्गात आणलं, ते नवीन ठिकाणं कळली म्हणून. प्रौढ पक्ष्यांचा अंदाज अजूनही हजाराच्या आतच धरतात. तेव्हा कॉलनीतल्या पिंगळ्याची 'रानपिंगळा' म्हणून कुठेही नोंद टाकू नका.

आता पेट्या. मेळघाटात लावू नका.

परवानगीचा प्रश्न पहिला. अभयारण्यात स्वतःहून काहीही टांगता येत नाही. शिवाय वन्यजीव संरक्षण कायदा, 1972 मध्ये 'शिकार' या शब्दाच्या व्याख्येत पक्ष्यांच्या घरट्यांना किंवा अंड्यांना त्रास देणं हेही येतं, आणि रानपिंगळा अनुसूची 1 मध्ये, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या यादीत आहे. पण परवानगी मिळाली तरी पेटी हे चुकीच्या दुखण्याचं औषध आहे. तुमच्या पेटीत आधी मैना, पोपट, साधा पिंगळा किंवा मधमाश्या शिरतील. म्हणजे रानपिंगळ्याच्या शेजारी तुम्हीच त्याचे प्रतिस्पर्धी वाढवणार. दोन पावसाळ्यांत पेट्या सुटतात, आणि जंगलात जाऊन पन्नास पेट्यांची देखभाल कोण करणार? खरा तुटवडा ढोली असलेल्या उभ्या झाडांचा आहे, आणि ती झाडं का कमी होतात ते आपल्याला नीट माहीत आहे.

रानपिंगळा स्वतः ढोली कोरत नाही. फांदी मोडून कुजलेली जागा किंवा सुतार-तांबटाने कोरून सोडलेली ढोली तो घेतो. अशा ढोल्या जुन्या, अर्धवट वठलेल्या झाडांत असतात. सरपणाला सगळ्यात आधी तोडलं जातं तेच झाड: वाळकं, हलकं, लगेच पेटणारं, आणि 'मेलेलंच तर आहे' म्हणून कुणी अडवतही नाही. संरक्षित क्षेत्राबाहेरच्या सागवानात कूप (तोडीसाठी आखलेला जंगलाचा तुकडा) पडतो तेव्हाही वाकडी, पोकळ झाडं निकामी म्हणून निघून जातात.

दुसरं कारण वणवा, आणि तो शेजारून बघितल्याशिवाय त्याचं नुकसान कळत नाही. सागाचा पाला जळतो तेव्हा आग गुडघाभरच असते, दहा मिनिटांत पुढे सरकते. हिरवी झाडं काळवंडून वाचतात. पोकळ झाडाच्या बुंध्याला भेग असली की मात्र आग आत शिरते आणि खोड चिमणीसारखं काम करतं. खालून हवा आत, वरच्या ढोलीतून धूर बाहेर. बाहेरून आग विझलेली दिसते, आत निखारा दोन-तीन दिवस खात राहतो, आणि मग झाड बुंध्यातून मोडतं. खाली पालाही जळालेला, त्यातले सरडे आणि सापसुरळ्याही गेलेल्या. एका अभ्यासात रानपिंगळ्याच्या भक्ष्यात जवळपास 60 टक्के सरडे-सापसुरळ्या होत्या. जोडी जमण्याचा जोर जानेवारी-फेब्रुवारीत असतो, पिल्लं साधारण महिन्याभरात ढोलीबाहेर येतात, आणि महाराष्ट्रात वणव्याचा हंगाम धरतात 15 फेब्रुवारी ते 15 जून. घर आणि अन्न एकाच वेळी जातं, तेही पिल्लं ढोलीत असताना.

म्हणून तुमची वर्गणी मोहाच्या झाडाखाली खर्च करा, असं मी म्हणेन. मार्च-एप्रिलमध्ये मोहफुलं वेचायला सोपी जावीत म्हणून झाडाखालचा पाला पेटवतात आणि तिथून आग निसटते. झाडाखाली जाळी किंवा जुन्या साड्या जोडून अंथरल्या की पाला जाळायची गरजच उरत नाही, फुलंही मातीविना, स्वच्छ मिळतात. मोठ्या मोहाच्या पसाऱ्याला 8 मीटर बाय 8 मीटर जाळी लागते. नऊवारी साडी साधारण 8 मीटर लांब नि सव्वा मीटर रुंद, म्हणजे सहा-सात साड्या कडेला शिवल्या की एका झाडाचं काम होतं. पाचवारी असतील तर अकरा-बारा धरा. नागपुरात जुन्या सुती साड्या गोळा करणं तुमच्या ग्रुपला अवघड नाही. नायलॉनच्या साड्या नकोत, वाऱ्याने उडतात. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात पोचल्या तर उपयोग, होळीनंतर नेल्या तर तोवर पाला पेटलेला असतो. परस्पर वाटू नका. ग्रामसभा किंवा वन समितीकडे द्या, कोणतं झाड कोणत्या घराचं हे गावाला ठाऊक असतं. बाहेरच्यांनी वाटलं की भांडणं लागतात.

नोंदी करायच्या असतील तर पक्ष्याऐवजी ढोल्या मोजा. डिसेंबर ते फेब्रुवारीत पानगळ झालेली असते, झाडं उघडी दिसतात. वनविभागाची लेखी परवानगी आणि वनरक्षक सोबत, सकाळी 7 ते 10, 2 किलोमीटरची एक वाट. दर 250 मीटरवर 5 मिनिटं थांबा. वाटेच्या दोन्ही बाजूंना 20-20 मीटरमधलं प्रत्येक ढोलीचं किंवा वठलेलं झाड लिहा: जात, छातीच्या उंचीवर म्हणजे जमिनीपासून 1.37 मीटरवर घेर, ढोलीची अंदाजे उंची, बुंध्याशी जळाल्याची खूण आहे का, कुऱ्हाडीचा घाव आहे का. पुढच्या वर्षी त्याच वाटेवर किती उरली ते पाहा. कूपातली झाडं ठरण्याआधी अशी यादी उपवनसंरक्षकांच्या टेबलावर असेल, तर 'ढोलीची झाडं राखा' या मागणीला वजन येतं. कार्य आयोजनेचा (जंगलात कुठे, कधी तोड करायची त्या आराखड्याचा) आणि धोरणाचा विषय असेल तर निवेदन द्यायचं ठिकाण तुमच्या गावातच आहे, सिव्हिल लाइन्सचं वनभवन. ही सोय मुंबई-पुण्याच्या लोकांना नाही.

मोबाइलवर आवाज वाजवून पक्षी बोलवायचा मोह टाळा. नर हद्द राखायला उडून येतो, तेवढा वेळ शिकार थांबते, ढोली उघडी पडते, आणि शिक्रा-घोरपडीला आयती जागा कळते. पिल्लांच्या दिवसांत तर अजिबात नको. ढोलीचा नेमका पत्ता आणि फोटोतलं लोकेशन जाहीर टाकू नका. दिवाळीच्या आधीच्या पंधरवड्यात लक्ष्मीच्या नावाने होणाऱ्या अघोरी प्रकारांसाठी घुबडांना गिऱ्हाईक असतं. कुणी विकताना दिसलं तर 'सोडवायला' म्हणून विकत घेऊ नका. तोही गुन्हाच आहे आणि विकणारा दुसरा पक्षी पकडून आणतो. जागा, वेळ टिपा आणि 1926 या वनविभागाच्या हेल्पलाइनला कळवा.

पेट्यांची हौस असेल तर ती शहरातल्या साध्या पिंगळ्यासाठी भागवा, त्याचीही जुनी झाडं रस्तारुंदीत जात आहेत. 18 ते 20 मि.मी. जाडीचं साधं लाकूड घ्या. प्लायच्या कडा पहिल्या पावसातच फुगतात. आतून 20 बाय 20 सें.मी. तळ, उंची 40 सें.मी., भोक 7.5 सें.मी., त्याची खालची कड तळापासून 22 सें.मी. वर. भोकाखाली आतल्या फळीवर पटाशीने आडव्या खाचा मारा, नाहीतर पिल्लांना चढता येत नाही. तळाला 6 मि.मी.ची चार भोकं, वर 3-4 सें.मी. रंध्याचा भुसा. बाहेर बसायला दांडी लावू नका, ती कावळ्याच्या सोयीची. छप्पर पत्र्याचं नको. एप्रिलमध्ये नागपूरचा पारा 43च्या पुढे जातो आणि पत्र्याखाली पिल्लं भाजतात. लाकडाचं दुहेरी छप्पर करा, मधे 2 सें.मी. फट ठेवा, तोंड उत्तरेला किंवा पूर्वेला आणि दुपारची सावली नक्की. खिळे न ठोकता रुंद ट्यूबच्या पट्ट्याने 4-5 मीटरवर बांधा, दरवर्षी पट्टा सैल करा. नोव्हेंबरपर्यंत लावून झाल्या पाहिजेत, साफसफाई जुलै-ऑगस्टमध्ये. दोन पेट्यांत दीडशे-दोनशे मीटर अंतर ठेवा. एका कॉलनीत दोन पुरे, पन्नास नकोत.

मार्च-एप्रिलमध्ये खाली पडलेलं पिल्लू सापडलं तर दूध-पाणी तोंडात घालू नका, ते श्वासनळीत जातं. जखम नसेल तर त्याच झाडावर उंच ठेवा आणि लांबून बघा, आई-बाप संध्याकाळी भरवायला येतात. जखम असेल तर भोकं पाडलेल्या खोक्यात, अंधारात ठेवून सेमिनरी हिल्सच्या ट्रान्झिट ट्रीटमेंट सेंटरला न्या. जाताना कोणत्या झाडाखाली मिळालं ते लिहून न्या, बरं झाल्यावर तिथेच सोडता येतं.