गिरणीचं बिल फुगलं? आधी कलम बघा

ताई, गिरणीचं वीजबिल एकदम फुगून आलंय म्हणून घाबरू नका, पण गप्पही बसू नका. हातात आलेल्या कागदावर कलम कोणतं लिहिलंय ते आधी बघा. वीज कायदा २००३ चं कलम १२६ म्हणजे अनधिकृत वापर, १३५ म्हणजे वीजचोरी. यातलं काही असेल तर ग्राहक तक्रार निवारण मंच, म्हणजे वीजग्राहकांच्या तक्रारी ऐकणारा मंच, तुमचं प्रकरण घेणारच नाही. १२६ च्या अंतिम आदेशावर ३० दिवसांत अपील करावं लागतं, तेही निम्मी रक्कम भरून. चुकीच्या दारात उभं राहून लोकांची ही मुदत निघून जाते, याचं फार वाईट वाटतं.

साधं रीडिंग चुकलं असेल किंवा सरासरीचं बिल आलं असेल तर मीटरचा फोटो काढा. मीटर क्रमांक आणि आकडा दोन्ही स्पष्ट दिसू द्या. मग वीज कंपनीच्या कार्यालयात लेखी अर्ज. आपल्या प्रतीवर आवक शिक्का आणि तारीख पडल्याशिवाय खिडकीवरून हलू नका. तोंडी आश्वासन पुढे कुणालाच आठवत नाही.

वीज तोडू म्हणाले तर याच कायद्याचं कलम ५६ दाखवा. १५ दिवसांची लेखी नोटीस लागतेच. शिवाय मागितलेली रक्कम किंवा मागच्या ६ महिन्यांच्या सरासरीने होणारी रक्कम, यातली कमी असेल ती 'हरकत राखून' (म्हणजे बिल मान्य नाही असं नोंदवून) भरली, तर वाद मिटेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. गिरणी बंद पडू नये म्हणून हे आधी करा.

तक्रारीचं कारण घडल्यापासून २ वर्षांच्या आत मंचाकडे जा. मंचाचा आदेश पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपालांकडे, म्हणजे मंचाच्या वर दाद मागायच्या ठिकाणी.