गर्दीत एकटं वाटतं, पण चौकशाही नको वाटतात

प्रश्न: नोकरीसाठी मोठ्या शहरात येऊन बराच काळ झाला. रोज तीच ट्रेन, डब्यात तेच चेहरे, कोण कुठे उतरणार हेपण पाठ झालंय, पण आजवर एकीशीही बोलले नाहीये. शुक्रवारी ऑफिसमधून निघाले की सोमवारपर्यंत तोंड बंद, कधी डिलिव्हरीवाल्याला थँक्यू म्हणायला जाते तर आवाजच फुटत नाही. बरं, घरी परत जायचंय असंही नाही, इथे कोणी लग्नाचं विचारत नाही, किती वाजता आलीस विचारत नाही, ते आवडतं. मग तक्रार तरी कशाची करू? माझंच काही चुकतंय का?

उत्तर: चुकत वगैरे काही नाहीये हो. कोणी नाक खुपसू नये असं वाटणं आणि आठवडाभर दिसलो नाही तर निदान कोणाच्या तरी लक्षात यावं असं वाटणं, दोन्ही एकाच माणसाला वाटू शकतं, त्यात विचित्र काय?

डब्यातल्या चेहऱ्यांवरून आठवलं, स्टॅनली मिलग्रम या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९७२ मध्ये नेमकं यावरच लिहिलंय. त्याच्या विद्यार्थ्यांनी स्टेशनवर ट्रेनची वाट बघणाऱ्यांचे फोटो काढले आणि नंतर तिथल्याच प्रवाशांना दाखवले, तर बहुतेकांना त्यात एखादा तरी असा चेहरा सापडला जो रोज दिसतो पण ज्याच्याशी कधी बोलणं झालेलं नाही. म्हणजे तुम्हालाही त्या डब्यात कोणीतरी ओळखत असणार, आणि तीही 'आता इतक्या दिवसांनी काय बोलायचं' म्हणून मोबाईलमध्ये डोकं घालून बसली असेल. हीच माणसं रोजच्या जागेपासून लांब कुठे भेटली की पटकन बोलतात, असंही त्याचं म्हणणं होतं. त्यामुळे ती बाजारात वगैरे दिसली तर चान्स सोडू नका, 'आपण एकाच ट्रेनला असतो ना' एवढं पुरतं.

समोरच्याला आवडणार नाही ही भीती सगळ्यांनाच असते. शिकागोच्या ट्रेनमध्ये काही प्रवाशांना अनोळखी माणसाशी बोलायला सांगितलं होतं (हा अभ्यास २०१४ चा), त्यांचा प्रवास गप्प बसलेल्यांपेक्षा छान गेला, आणि लोकांचा आधीचा अंदाज नेमका उलटा होता.

जिवलग मैत्रीण मिळालीच पाहिजे असं टार्गेट मात्र ठेवू नका, त्याचंच टेन्शन येतं. शनिवारी सकाळी एखादा क्लास लावा, तोच वार तीच वेळ, नावाने हाक मारणारं कोणी भेटलं की बास, लग्नाचं विचारायला त्यांना वर्ष लागेल. आणि झोप उडाली असेल, कशातच मन लागत नसेल तर तेवढ्यावर थांबू नका, सरळ काउन्सेलरला गाठा.