फिल्म केली, आता पुढे काय?

प्रश्न : ताई, दिवसा मी जाहिरातींचं संकलन करतो आणि रात्री स्वतःच्या फिल्म. आजवर तीन झाल्या, एकीतही गोष्ट अशी नाही. सर्वांत मोठी अकरा मिनिटांची आहे. दिसेल त्या महोत्सवाला पाठवतो, शुल्क भरतो, आणि बहुतेक ठिकाणांहून नकार येतो. नोकरी सोडून पूर्णवेळ यातच उतरलो तर यात करिअर होईल का?
– एक संकलक

उत्तर : नोकरी सोडू नका. अशा फिल्मच्या मिळकतीवर घर चालवणारी माणसं मी फारच थोडी पाहिली आहेत. बाकी आम्ही सगळे शिकवतो, इतरांच्या फिल्मचा ध्वनी किंवा संकलन करतो, अधूनमधून शिष्यवृत्ती मिळवतो. स्टॅन ब्राखाज या अमेरिकन प्रायोगिक फिल्मकारासारखा मोठा माणूसही पोटासाठी व्यावसायिक कामं करायचा, पुढे विद्यापीठात शिकवायचा. हात तंग होता तेव्हा त्याने कॅमेराच बाजूला ठेवला. पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन थरांत दाबली आणि त्यातूनच १९६३ साली 'मॉथलाइट' ही फिल्म केली. तुमच्या हातात तर संकलनाचं कसब आहे, आणि त्याचे पैसेही मिळतात. आठवड्यातल्या दोन रात्री मात्र फिल्मसाठी राखून ठेवा, तिथे गिऱ्हाइकाचं काम शिरू देऊ नका.

मला काळजी वाटली ती वेगळ्याच गोष्टीची. तीन फिल्म झाल्या, पण त्या पाहिल्या कोणी, याबद्दल तुमच्या पत्रात एक ओळही नाही. माया डेरेन या प्रायोगिक फिल्म करणाऱ्या बाईने १९४६ मध्ये न्यूयॉर्कमधलं एक छोटं नाट्यगृह भाड्याने घेऊन आपल्या फिल्मचे खेळ स्वतः लावले. फिल्म भाड्याने पाठवणं, त्यांवर लिहिणं, गावोगावी जाऊन बोलणं हेही ती स्वतःच करायची. १९६२ मध्ये फिल्मकार जोनास मेकस आणि त्याच्या मित्रांनी तर वितरणासाठी सहकारी संस्थाच काढली. तिथे आलेली फिल्म चांगली-वाईट ठरवून नाकारायची नाही, असा नियम होता. मला तो आजही फार मोलाचा वाटतो.

तेव्हा एक खोली, एक प्रोजेक्टर आणि बरे स्पीकर मिळवा. आपल्यासारखं काम करणाऱ्या आणखी दोघांच्या फिल्म घ्या आणि तासाभराचा खेळ लावा. घरच्यांनाही बोलवा. संपल्यावर लगेच समजावून सांगू नका, लोकांना आधी बोलू द्या. प्रेक्षक कुठे चुळबुळ करतात हे अंधारात बसल्याशिवाय कळत नाही, आणि संकलकाला त्याहून उपयोगी शेरा कोणी देत नाही.

महोत्सवांना पाठवणं थांबवू नका, पण निवडून पाठवा. त्यांचे मागच्या दोन-तीन वर्षांचे कार्यक्रम बघा. तिथे तुमच्या प्रकारची एकही फिल्म नसेल तर शुल्क वाया जाणार. लघुपटांचा एक कार्यक्रम साधारण सव्वा ते दीड तासाचा असतो, त्यात अकरा मिनिटांची फिल्म बसवणं पंचवीस मिनिटांच्या फिल्मपेक्षा सोपं जातं. ही तुमची जमेची बाजू. फिल्म इंटरनेटवर सगळ्यांसाठी खुली केली की काही महोत्सव ती घेत नाहीत, म्हणून आत्ता पासवर्ड लावूनच दाखवा. कार्यक्रम आखणाऱ्या एखाद्या माणसाची दृष्टी आवडली तर त्याला थेट, चार ओळींचं पत्र लिहा. आणि कोणी खेळासाठी फिल्म मागितली तर मानधन किती, हे नि:संकोच विचारा.

आता एक कंटाळवाणं काम. प्रत्येक फिल्मची मास्टर फाईल, म्हणजे पूर्ण दर्जाची अंतिम प्रत, दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर, दोन वेगळ्या जागी ठेवा आणि वर्षातून एकदा उघडून बघा. संगीत किंवा जुनं फुटेज दुसऱ्याचं असेल तर त्याची लेखी परवानगी आत्ताच घ्या. काही वर्षांनी एखादं संग्रहालय फिल्म मागेल तेव्हा ते हा कागद आधी विचारतील, आणि तोवर तो संगीतकार कुठे असेल कोण जाणे.