माद्रिद, तोलेदो, सेगोविया : प्रवासाच्या आखणीविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : आम्ही पती-पत्नी एप्रिलमध्ये आठ रात्रींसाठी स्पेनला जाणार आहोत. एका प्रवासी कंपनीने माद्रिदमध्येच मुक्काम ठेवून रोज एक याप्रमाणे तोलेदो, सेगोविया, आविला, सालामांका आणि क्वेंका अशी पाच गावे दाखवण्याचा कार्यक्रम दिला आहे. तो स्वीकारावा का? (पुणे)

उत्तर : हा कार्यक्रम पार पडेल, पण आपण तो स्वीकारू नये असे माझे स्पष्ट मत आहे. पाच गावांच्या पाच दिवसांत माद्रिदला वेळच उरत नाही आणि ती पाचही गावे आपल्याला भर दुपारच्या गर्दीतच दिसतात. राजधानीतून एका दिवसासाठी येणाऱ्या बसगाड्या सकाळी उशिरा पोहोचतात आणि संध्याकाळी परततात. त्या गेल्यानंतर गल्ल्या मोकळ्या होतात, गावकरी चौकात येऊन बसतात आणि दगडी भिंतींवर तिरपे ऊन पडते. ही वेळ गाठायची असेल तर गावात रात्र काढण्याला पर्याय नाही.

गावे निवडताना नकाशा समोर ठेवावा. तोलेदो माद्रिदच्या दक्षिणेला सुमारे ७० किलोमीटरवर आहे, तर सेगोविया वायव्येला, ग्वादारामा डोंगररांगेच्या पलीकडे आहे. दोन्हीकडे जलद रेल्वेने साधारण अर्ध्या तासात पोहोचता येते, मात्र तोलेदोची गाडी आतोचा स्थानकातून सुटते आणि सेगोवियाची चामार्तिनहून. ही स्थानके शहराच्या दोन टोकांना आहेत, त्यामुळे तिकिटावरचे नाव नीट वाचूनच हॉटेलमधून निघावे. सेगोवियाचे जलद गाडीचे स्थानक गावापासून काही किलोमीटर दूर माळावर आहे आणि तेथून गावात येण्यासाठी बस मिळते.

माझी आखणी अशी राहील : सुरुवातीला माद्रिदमध्ये तीन रात्री, मग तोलेदोत दोन, सेगोवियात दोन आणि परतीच्या विमानापूर्वीची शेवटची रात्र पुन्हा माद्रिदमध्ये. क्वेंका या खेपेला सोडून द्यावे. सालामांकाचे विद्यापीठ १२१८ सालचे आहे आणि तेथील सोनेरी वालुकाश्माच्या इमारती फार सुंदर आहेत, पण त्यासाठीही एक रात्र हवी. ती हवीच असेल तर सेगोवियातील एक रात्र कमी करावी. तोलेदोतील मात्र करू नये.

मध्ययुगीन स्पेन पाहण्याची अपेक्षा माद्रिदकडून ठेवू नये. नवव्या शतकात अमीर मुहम्मद पहिला याने येथे किल्ला उभारला आणि त्याच्या तटाचा थोडा भाग आल्मुदेना कॅथेड्रलजवळ आजही दिसतो, पण या गावाचे भाग्य उघडले ते १५६१ मध्ये, फेलिपे दुसरा याने दरबार येथे हलवला तेव्हा. जुना राजवाडा १७३४ च्या नाताळच्या आदल्या रात्री जळाला, म्हणून आज दिसणारा भव्य राजवाडा अठराव्या शतकातला आहे. माद्रिदला जायचे ते चित्रांसाठी. प्रादो संग्रहालयात वेलाथ्केथचे १६५६ चे ‘लास मेनिनास’ आहे आणि रेइना सोफिया संग्रहालयात पिकासोचे १९३७ चे ‘गेर्निका’ आहे. या दोन्ही संग्रहालयांना एकाच दिवसात कोंबू नये. रेइना सोफिया मंगळवारी बंद असते, हे ध्यानात ठेवून वार ठरवावेत.

आणखी एक सूचना करावीशी वाटते. ईस्टरचा आठवडा स्पेनमध्ये फार मोठा असतो. आपल्या तारखा त्यात येत असतील तर मिरवणुका पाहायला मिळतील, परंतु खोल्या आणि रेल्वेची तिकिटे कित्येक आठवडे आधी घ्यावी लागतील.

प्रश्न : तोलेदोला ‘तीन धर्मांचे गाव’ म्हणतात, म्हणजे तेथे नेमके काय पाहायचे? मी इतिहासाची शिक्षिका आहे आणि दोन दिवस देऊ शकते. (नाशिक)

उत्तर : आपण दोन दिवस देत आहात याचा मला मनापासून आनंद झाला. ताहो नदीने तीन बाजूंनी वेढलेल्या खडकावर हे गाव वसलेले आहे. ते व्हिसिगॉथ या जर्मनवंशी लोकांच्या राजांची राजधानी होते, नंतर काही शतके मुस्लिम सत्तेखाली राहिले आणि १०८५ मध्ये मध्य स्पेनमधील कास्तील या ख्रिस्ती राज्याच्या आल्फोन्सो सहाव्याने ते घेतले. राज्यकर्ते बदलले तरी कारागीर तेच राहिले, आणि ही गोष्ट डोळ्यांनी पाहता येते.

पहिल्या दिवशी ‘क्रिस्तो दे ला लुथ’ या छोट्या मशिदीपासून सुरुवात करावी. ती ९९९ सालची आहे आणि तिच्या दर्शनी भागावर विटांमध्येच अरबी लेख रचलेला आहे. पुढे तिला ख्रिस्ती गाभारा जोडला गेला. तेथून ज्यू वस्तीकडे उतरून ‘सांता मारिया ला ब्लांका’ पाहावी. नाव ख्रिस्ती आहे, पण वास्तू मुळात ज्यूंच्या प्रार्थनामंदिराची, आणि आतल्या पांढऱ्या नालाकृती कमानी पाहिल्या तर आपण मशिदीत उभे आहोत असे वाटते. जवळच ‘एल त्रान्सितो’ हे चौदाव्या शतकातील प्रार्थनामंदिर आहे. राजा पेद्रोचा ज्यू खजिनदार सामुएल हा-लेवी याने ते बांधवले, आणि तेथील गिलाव्याच्या नक्षीत हिब्रू व अरबी अक्षरे एकत्र नांदतात. १४९२ च्या फर्मानाने ज्यूंना स्पेन सोडावा लागला. ते ध्यानात ठेवून या दोन वास्तूंमध्ये शांतपणे वेळ घालवावा, कारण ‘तीन धर्मांचे गाव’ या गोड शब्दांत शेवटची हकालपट्टी झाकली जाते. एल त्रान्सितो सोमवारी बंद असते.

दुसरा दिवस कॅथेड्रलसाठी ठेवावा. त्याचे बांधकाम १२२६ मध्ये सुरू झाले. दुपारनंतर सांतो तोमे चर्चमध्ये एल ग्रेकोचे ‘ओर्गाथच्या उमरावाचे दफन’ पाहावे. मूळचा क्रीट बेटावरचा हा चित्रकार १५७७ मध्ये येथे आला आणि १६१४ मध्ये येथेच वारला. ज्या चर्चसाठी त्याने ते चित्र काढले, तेथेच ते आजही आहे.

आपण भारतातून जाता आहात म्हणून दोन गोष्टी आवर्जून सांगतो. अकराव्या शतकात तोलेदोचा काझी असलेल्या साइद अल-अंदलुसीने १०६८ मध्ये जगातील विद्याप्रेमी लोकांविषयी ग्रंथ लिहिला आणि त्यात पहिले स्थान भारतीयांना दिले. पुढच्या शतकात याच गावात अरबी ग्रंथांची लॅटिनमध्ये भाषांतरे होऊ लागली आणि इटलीतील क्रेमोनाच्या जेरार्डसारखे विद्वान त्यासाठी दुरून येथे येऊन राहिले. तसेच, आपल्या पंचतंत्राच्या कथा पहलवी या जुन्या इराणी भाषेतून आणि अरबीतून फिरत फिरत ‘कलिला आणि दिम्ना’ या नावाने १२५१ मध्ये कास्तीली, म्हणजे आजच्या स्पॅनिश भाषेत उतरल्या, त्या तोलेदोतच जन्मलेल्या राजपुत्र आल्फोन्सोच्या आज्ञेने. तोलेदोत या भाषांतरकारांचे मोठे स्मारक शोधू गेल्यास निराशा होईल, पण वर्गात परत गेल्यावर मुलांना सांगण्याजोगी याहून चांगली गोष्ट मला सुचत नाही.

प्रश्न : आम्ही सह्याद्रीतले गड पाहणारे मित्र आहोत. आविलाचा तट आणि सेगोवियाचा किल्ला यांपैकी एकच पाहायचा तर कोणता? (सातारा)

उत्तर : तटबंदीच पाहायची असेल तर आविला. गावाभोवती सुमारे अडीच किलोमीटर लांबीचा मध्ययुगीन तट जवळजवळ संपूर्ण उभा आहे, त्याला नऊ दरवाजे आणि ऐंशीहून अधिक अर्धवर्तुळाकार बुरूज आहेत. तटाच्या काही भागांवरून चालता येते. कॅथेड्रलचा मागचा अर्धगोल भाग तटातच बुरुजासारखा बसवलेला आहे, तो मुद्दाम पाहावा. आपले गड कड्याच्या आधाराने उभे राहिले, तर आविलाच्या उंच माळावर संरक्षणाचा बराचसा भार भिंतीलाच घ्यावा लागला. हा फरक गड पाहिलेल्या माणसाच्या लगेच लक्षात येतो. संपूर्ण वेढा एका नजरेत घ्यायचा तर नदीपलीकडच्या ‘क्वात्रो पोस्तेस’ या ठिकाणी संध्याकाळी जावे. गाव ११०० मीटरहून उंचावर आहे, म्हणून एप्रिलमध्येही स्वेटर सोबत असावा.

सेगोवियाचा आल्काथार दिसायला देखणा आहे, परंतु तो १८६२ च्या आगीनंतर पुन्हा बांधलेला आहे. सेगोवियाला जायचे ते रोमन जलसेतूसाठी. ग्रॅनाइटचे दगड चुन्याशिवाय एकमेकांवर रचून उभारलेल्या त्याच्या कमानी अथोगेखो चौकात सुमारे २८ मीटर उंच जातात. त्यांच्या खाली उभे राहिल्यावर दगडाच्या बांधकामाची आवड असलेल्या माणसाचा पाय निघत नाही.

प्रश्न : सोबत बाहत्तर वर्षांच्या आई असतील. त्यांचे गुडघे दुखतात. ही गावे त्यांना झेपतील का? (डोंबिवली)

उत्तर : झेपतील, पण मुक्कामाची जागा विचारपूर्वक निवडावी लागेल. तोलेदोत बिसाग्रा दरवाजाच्या बाजूने वर जाण्यासाठी सरकते जिने आहेत, त्यामुळे मुख्य चढ टळतो. स्थानकावरून सामानासह टॅक्सीनेच हॉटेलपर्यंत जावे. आतल्या गल्ल्या गोट्यांच्या आणि उताराच्या आहेत, म्हणून आईंना जाड तळव्याचे बूट आणि हातात काठी असू द्यावी, आणि सकाळ-संध्याकाळ दोन तासांपेक्षा अधिक चालवू नये. सेगोवियात जलसेतूपासून कॅथेड्रलपर्यंतचा चढ सौम्य आहे आणि वाटेत बसायला जागा मिळतात. आल्काथारच्या मनोऱ्याला १५२ पायऱ्या आहेत, तो त्यांनी टाळावा. त्यांना एकच गाव दाखवायचे झाल्यास मी सेगोविया निवडेन.

प्रश्न : व्हिसासाठी किती आधी अर्ज करावा? (पणजी)

उत्तर : शेंगेन व्हिसाचा, म्हणजे स्पेनसह युरोपातील अनेक देशांना चालणाऱ्या सामाईक व्हिसाचा, अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि किमान १५ दिवस आधी करावाच लागतो. प्रत्यक्षात भेटीची वेळ मिळायलाच दिवस जातात, तेव्हा दोन-तीन महिने हाताशी ठेवावेत. प्रवासविम्याचे संरक्षण किमान ३०,००० युरोंचे हवे. दुसऱ्या देशातही जाणार असाल तर जेथे सर्वाधिक रात्री राहणार, त्या देशाकडे अर्ज करावा.

प्रश्न : आम्ही शाकाहारी आहोत, अंडेही खात नाही. कास्तीलमध्ये उपाशी राहावे लागेल का? (कोल्हापूर)

उत्तर : उपाशी राहावे लागणार नाही, परंतु विचारण्याचा संकोच सोडावा लागेल. हा प्रदेश डुकराच्या आणि कोकराच्या मांसाचा आहे, आणि राजम्यासारख्या दिसणाऱ्या शेंगांच्या रश्श्यातही बहुधा मांसाचे तुकडे असतात. ‘शाकाहारी’ एवढे सांगून भागत नाही, कारण मिश्र सॅलडमध्ये ट्यूना मासा घातलेला असतो. म्हणून ‘सिन कार्ने, सिन हामोन, सिन पेस्कादो, सिन वेवो’, म्हणजे मांस, हॅम, मासे आणि अंडे नको, असे चारही शब्द सांगावेत किंवा कागदावर लिहून दाखवावेत.

बटाट्याचे तोर्तिया अंड्याचेच असते, ते घेऊ नये. भोपळी मिरची, टोमॅटो आणि झुकिनी परतून केलेला ‘पिस्तो’ मागवावा आणि वर अंडे नको असे सांगावे. ‘पाद्रोन’ नावाच्या तळलेल्या लहान हिरव्या मिरच्या, पाव, ऑलिव्ह आणि ला मांचाचे मेंढीच्या दुधाचे चीज यांवर एक वेळचे जेवण चांगले होते. चीजमध्ये प्राणिज रेनेट (दूध घट्ट करण्यासाठी घालतात तो पदार्थ) चालत नसेल तर तेही विचारून घ्यावे. माद्रिदच्या लावापिएस भागात भारतीय आणि बांगलादेशी उपाहारगृहे आहेत, तेथे वरण-भाताची आठवण भागते. जेवणाच्या वेळाही वेगळ्या आहेत : दुपारचे दोननंतर आणि रात्रीचे नऊच्या पुढे, म्हणून संध्याकाळसाठी भाकरवडी किंवा चिवडा पिशवीत असू द्यावा. तोलेदोचे ‘माथापान’ हे बदाम आणि साखर वाटून केलेले मिष्टान्न तेथील काही मठांतही विकत मिळते. वरून तकाकी आणण्यासाठी त्याला अंड्याचा हात लावलेला असू शकतो, म्हणून घेण्यापूर्वी ‘सिन वेवो?’ एवढे विचारावे.