करवीर तालुक्यात आमच्या भावकीने काटे टाकून, आडवी चर खणून उसाच्या शेताची वाट अडवलीय. पोलीस खुली करून देतील का?

नाही, वाट कुणाची हे ठरवून ती खुली करून देण्याचा अधिकार पोलीस ठाण्याला नाही. पोलीस गुन्ह्याचा तपास करतात, वहिवाटीच्या हक्काचा निवाडा नाही. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दावा घाला. तुम्ही करवीरचे, म्हणजे कोल्हापुरातल्या करवीर तहसील कार्यालयात. वाट अडवल्यापासून ६ महिन्यांची मुदत आहे. ठाण्याच्या हेलपाट्यांत ती घालवू नका, ऊसतोड तोंडावर असेल तर आजच निघा. सातबारा, गाव नकाशा, वाटेवर टाकलेल्या काट्यांचे आणि आडव्या चरीचे फोटो जोडा. ठाण्यात बसवून कुणी तडजोडीवर सही मागितली तर देऊ नका, तशी सक्ती पोलिसांना करता येत नाही. मात्र मारहाण झाली, जिवे मारण्याची धमकी दिली किंवा तुमचा ऊस तोडून नेला, तर तो फौजदारी मामला. तिथे पोलिसांना तक्रार नोंदवून घ्यावीच लागते.